कोपीच्या दाराशी कॅमेरा

दिवाळी सरली की बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्यातल्या वाड्यावस्त्यांवर ट्रॅक्टर आणि ट्रक उभे राहू लागतात. ट्रॉलीत आधी पाण्याची टाकी चढते, मग धान्याची पोती, भांड्यांची पाटी, अंथरुणं, एखादी शेळी, खुराड्यातल्या कोंबड्या आणि सगळ्यात शेवटी माणसं. नगर-आष्टी रेल्वे २३ सप्टेंबर २०२२ रोजी सुरू झाली, पण ऊसतोडीला निघालेल्या कुटुंबाला ती उपयोगाची नाही. त्यांच्याबरोबर सगळा संसार असतो, आणि तो कारखान्याच्या शिवारापर्यंत न्यायचा असतो. दाराला कुलूप लागतं. म्हातारी मागे राहते, आणि कधी तिच्याजवळ शाळेतली नातवंडं. पुढचे पाच-सहा महिने गाव अर्धं रिकामं असतं.

अशा घरावर माहितीपट करायचा असेल तर कॅमेरा कुठे ठेवायचा? ट्रॉलीजवळ, कुलपाजवळ, की म्हातारीजवळ? या एका प्रश्नाचं उत्तर द्यायला चांगल्या माहितीपटकाराला कित्येक महिने लागतात. तो वेळ कशात जातो आणि वंचित माणसांवरचा माहितीपट प्रत्यक्षात कसा घडतो, हे क्रमाने पाहू. उदाहरणासाठी आष्टीच घेऊ, कारण माहितीपटकाराला जितके पेच पडू शकतात, ते जवळजवळ सगळे इथे एकाच हंगामात समोर येतात.

पहिलं काम शब्द शिकण्याचं. ऊसतोडीत ‘कोयता’ म्हणजे फक्त अवजार नव्हे. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. एकटा माणूस असेल तर तो अर्धा कोयता. हंगामाआधी मुकादम, म्हणजे मजुरांची टोळी जमवणारा ठेकेदार, जी आगाऊ रक्कम देतो ती उचल. ती कोयत्याच्या हिशेबाने मिळते आणि हंगामभर ऊस तोडून फेडायची असते. एक दिवस काम चुकलं तर तो खाडा, आणि खाड्याचा दंड कापला जातो. फिटली नाही तर उचल पुढच्या वर्षावर जाते. जानेवारी २०२४ मध्ये कामगार संघटना आणि साखर संघ यांच्यात मजुरीत ३४ टक्के वाढीचा करार झाला. वाढ मोठी होती, पण उचल, मुकादम आणि खाडा ही चौकट तीच राहिली. हे माहीत नसलेला माणूस उसाच्या फडात कॅमेरा घेऊन उतरला तर त्याला घाम दिसेल, ऊन दिसेल, पाठीवरचं मूल दिसेल. कर्ज दिसणार नाही. कोयता हे माप कळलं की मात्र वेगळे प्रश्न सुचतात. लग्न लवकर का लावतात? जोडी झाली की पूर्ण कोयता होतो. बाई आजारी पडली तरी फडात का येते? ती नसली तर कोयता मोडतो. मजुरी जोडीची असेल, तर बाईच्या हातात तिचे म्हणून किती पैसे पडतात?

आपल्याकडे माहितीपटाच्या कलेची सुरुवातच मराठी माणसाने केली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनवर झालेली कुस्ती चित्रित केली. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली आणि थिएटरात मुख्य चित्रपटाआधी तिचे माहितीपट दिसू लागले. त्यांतल्या बहुतेकांचा साचा एकच होता. पडद्यावर गरीब माणूस, आणि वरून एक भारदस्त आवाज, जो त्या माणसाबद्दल सांगतो. तो माणूस स्वतः क्वचितच बोलायचा. दलित आणि भटक्या-विमुक्त लेखकांनी साहित्यात हा साचा आधी मोडला. लक्ष्मण माने यांचं ‘उपरा’ १९८० चं, लक्ष्मण गायकवाड यांचं ‘उचल्या’ १९८७ चं. ज्याचं जगणं त्यानेच सांगायचं, ही गोष्ट पुस्तकात रुजली. कॅमेरा महाग होता, म्हणून पडद्यावर तिला उशीर लागला.

मधल्या काळातलं मोठं नाव आनंद पटवर्धन यांचं. १९८५ चा ‘हमारा शहर’ हा त्यांचा माहितीपट मुंबईतल्या झोपडपट्टीवासीयांवर आहे. त्यात एक बाई चिडून चित्रण करणाऱ्यालाच सुनावते की तुम्ही गरिबांचे फोटो काढून नाव मिळवणार, आम्हाला त्याचं काय? पटवर्धनांनी तो भाग कापला नाही, तो माहितीपटात आहे. मला हा या कलेतला सगळ्यात मोलाचा धडा वाटतो. आपल्यावरचा आरोप खरा आहे हे कबूल करून, तो प्रेक्षकासमोर ठेवून पुढे जाणं सोपं नसतं. आष्टीच्या कोणत्याही वस्तीवर कॅमेरा काढला की हाच प्रश्न येईल. तो आला नाही, तर समजावं की माणसं अजून मोकळेपणी बोलत नाहीत.

दुसरं काम वस्तीत शिरण्याचं. मुकादमाची ओळख काढून गेलं तर टोळीवर लगेच पोचता येतं. पण मग मुलाखत देणाऱ्याची नजर सतत मुकादमाकडे जाते. संघटनेच्या कार्यकर्त्याबरोबर गेलं तर माणसं तक्रारी भडाभड सांगतात, पण हसणं, भांडणं, नवरा-बायकोची थट्टा हे सगळं दडून राहतं. शाळेच्या गुरुजींबरोबर गेलं तर आईबाप मुलांच्या शिक्षणाबद्दल जे बोलायला हवं तेच बोलतात. कोणत्या दाराने आत गेलात त्यावर काय दिसणार हे ठरतं. म्हणून जाणते लोक कोणत्याच एका दारावर विसंबत नाहीत. हंगामाच्या आधी, उन्हाळ्यात आणि पावसाळ्यात, लोक घरी असताना ते गावात जातात. कॅमेरा पिशवीत राहतो. बाजरी पेरायची की नाही, मुलीचं जमलं का, या वर्षी कोणत्या मुकादमाकडे, कर्नाटकात की कोल्हापूरकडे, एवढ्याच गप्पा होतात. तिसऱ्या-चौथ्या खेपेला म्हातारी ‘कवा आलास?’ म्हणते, तेव्हा ओळख झाली. पाहुण्याला ती ‘आपण कुठून आलात?’ असं विचारत होती.

मग संमती. कागदावर सही किंवा अंगठा घेणं हा कायदेशीर भाग झाला, आणि तो पाच मिनिटांत उरकतो. खरी संमती वेगळी. तो कागद मराठीत असावा, मोठ्याने वाचून दाखवावा, आणि त्यात काय नाही तेही सांगावं. हे टीव्हीवर येईल का? मुकादमाच्या मोबाइलवर जाईल का? दहा वर्षांनी माझ्या पोरीला सासरी कुणी दाखवील का? या प्रश्नांना ‘नाही, नाही’ म्हणून वेळ मारून नेणं हा मोठा अपराध आहे. एकदा क्लिप मोबाइलवर फिरली की ती कुणाच्याच हातात राहत नाही, हे स्पष्ट सांगायला हवं. शिवाय संमती एकदाच घेऊन भागत नाही. चित्रणाच्या आधी, चित्रण झाल्यावर आणि संकलन करून झाल्यावर, असं तीनदा विचारावं. संकलित भाग दाखवून ‘हे ठेवू का?’ असं विचारलं आणि बाई ‘नको’ म्हणाली, तर तो प्रसंग कितीही चांगला असला तरी काढावा लागतो. उचल घेतलेला माणूस मुकादमाला नाही म्हणू शकत नाही. निदान कॅमेऱ्याला तरी त्याला नाही म्हणता आलं पाहिजे.

मुलाखतीचे पैसे द्यावेत का, यावर मतभेद आहेत. पैसे दिले की माणूस ऐकणाऱ्याला आवडेल ते बोलतो, असं एका बाजूचं म्हणणं. पण ऊसतोडीची मजुरी टनावर असते. तासभर कोयता थांबवला तर तेवढ्या मोळ्या कमी झाल्या, आणि ते नुकसान त्या जोडीने का सोसावं? मला मधला मार्ग बरा वाटतो. बोलण्याचे पैसे देऊ नयेत, बुडालेल्या कामाचे मात्र मोजून द्यावेत, आणि सगळ्यांसमोर द्यावेत.

आता प्रत्यक्ष चित्रण. टोळी उतरते तिथे पाचट, बांबूच्या चटया आणि ताडपत्री यांच्या कोप्या उभ्या राहतात. आत माणूस वाकूनच जातो. पहाटे तीन-चारला बाई उठते, चूल पेटवते, भाकरी थापते. दिवसभराच्या भाकरी पहाटेच करून घ्याव्या लागतात, कारण उजाडायच्या आत फडावर पोचायचं असतं. ऊसतोड बाईचं आयुष्य समजून घ्यायला हा तास सगळ्यात महत्त्वाचा, आणि नेमका याच वेळी उजेड नसतो. चुलीचा जाळ आणि एखादी बॅटरी, बस्स. मोठे दिवे लावले तर कोपीची कोपी राहत नाही, शेजारचे जागे होतात, आणि बाई भाकरी थापायची सोडून पदर नीट करते.

हा पेच फार जुना आहे. रॉबर्ट फ्लॅहर्टी यांनी १९२२ मध्ये ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ केला, तेव्हा बर्फाच्या घरात कॅमेऱ्यापुरता उजेड नव्हता. म्हणून त्यांनी नेहमीपेक्षा मोठं घर बांधवून घेतलं, त्याची एक बाजू उघडी ठेवली आणि चित्रपटाचा नायक नानूक याच्या कुटुंबाला त्या उघड्या थंडीत झोपल्यासारखं करायला लावलं. जगातल्या पहिल्या गाजलेल्या माहितीपटातच ही तडजोड आहे. आजच्या कॅमेऱ्यांना कमी उजेडातही बरंच दिसतं, तेव्हा कोपीची भिंत काढायची गरज नाही. चित्र थोडं दाणेदार येईल, कडेला काळोख राहील. तो राहू द्यावा, कारण त्या वेळी कोपीत काळोखच असतो.

फडातला त्रास निराळा. उसाच्या पात्याला धार असते आणि त्यावरचं बारीक कूस अंगाला खाज आणतं, म्हणून बाया लुगड्यावर नवऱ्याचा पूर्ण बाह्यांचा शर्ट घालतात. तेच कूस आणि धूळ भिंगावर बसते. तास-दीड तासाने भिंग पुसलं नाही तर सगळं धुकट येतं. आवाजाचं काम त्याहून अवघड. छोटा माइक लुगड्याला लावला तर वर शर्ट घासतो आणि बोलण्याऐवजी खरखर येते. शर्टाच्या आत, कॉलरच्या शिवणीखाली, पट्टीने घट्ट बसवला तर आवाज स्वच्छ मिळतो. तो माइक बाईच्या अंगाला लावायला पथकात बाई असावी लागते. एवढी साधी गोष्ट कित्येकांच्या ध्यानात येत नाही, आणि मग सगळा माहितीपट पुरुषांच्याच आवाजात होतो. कोपीत वीज नसते, म्हणून बॅटऱ्या जवळच्या गावातल्या दुकानात चार्ज करायच्या. रोज रात्री चित्रणाच्या दोन प्रती काढायच्या आणि त्या वेगवेगळ्या पिशव्यांत ठेवायच्या. एका हंगामात शंभर तासांचं चित्रण सहज होतं, आणि त्यातून तास-दीड तास उरतो.

सगळ्यात नाजूक विषय बायांच्या आजारपणाचा. २०१९ मध्ये बीडमधल्या ऊसतोड बायांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांच्या बातम्या देशभर आणि परदेशातही झळकल्या. राज्य सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. तपासणी झालेल्या ८२,३०९ ऊसतोड महिलांपैकी १३,८६१ जणींची ही शस्त्रक्रिया झाल्याचं पुढे आलं. म्हणजे साधारण सहात एक. बातमी व्हायलाच हवी होती. पण त्यापाठोपाठ कॅमेऱ्यांची जी रांग लागली, तिने या बायांना एकाच गोष्टीत कोंडलं. ‘गर्भाशय नसलेल्या बायांचं गाव’ असे मथळे आले. ज्या बाईने वीस हंगाम ऊस तोडला, घर बांधलं, दीर शिकवला, तिच्याबद्दल जगाला फक्त तिच्या पोटावरची शिवण कळली.

बाया ‘गर्भाशय’ हा शब्द वापरत नाहीत. ‘पिशवी काढली’ म्हणतात. माहितीपटकाराने ‘तुमची गर्भाशयाची शस्त्रक्रिया का झाली?’ असं विचारलं तर डॉक्टरांनी सांगितलेलं एक वाक्य परत येतं. ‘तुम्ही कामाला किती दिवसांनी लागलात?’ असं विचारलं तर गोष्ट उलगडत जाते. पाळीत फडात पाणी नाही, आडोसा नाही, खाड्याची भीती, दवाखान्याचा खर्च, त्यासाठी घेतलेली उचल, ती फेडायला पुढचा हंगाम. शस्त्रक्रिया या साखळीतली एक कडी आहे. चांगला माहितीपट सगळी साखळी दाखवतो आणि पोटावरची शिवण दाखवण्याच्या मोहात पडत नाही. आकडा सांगायचा असेल तर कोऱ्या पडद्यावर अक्षरांत सांगावा. रडणाऱ्या चेहऱ्यावर आकडा छापला की तो चेहरा केवळ पुरावा होऊन बसतो.

चेहरा दाखवायचा की झाकायचा, हाही सरळ निर्णय नाही. मुकादमाविरुद्ध बोलणाऱ्याचं संरक्षण करायलाच हवं. पण चेहऱ्यावर धुरकट ठिपके टाकायची जी टीव्हीची पद्धत आहे, ती आपण गुन्हेगारांच्या बातम्यांत पाहिली आहे. या भागात पारध्यांच्या वस्त्या आहेत. १८७१ च्या कायद्याने देशातल्या कितीतरी जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवलं. तो शिक्का कायद्यातून १९५२ मध्ये गेला, पण गावात चोरी झाली की पहिला संशय अजून त्याच वस्तीवर जातो. अशा माणसाचा चेहरा धुरकट करून दाखवला तर आपण त्याला वाचवत नाही, त्या जुन्या शिक्क्याला दुजोरा देतो. त्याऐवजी पाठीमागून चित्रण करता येतं, हात दाखवता येतात, किंवा रिकाम्या कोपीच्या दारावर नुसता आवाज ऐकवता येतो. आणि ज्याला चेहरा दाखवायचाच आहे, त्याला छाती पुढे काढून बसू द्यावं.

संकलन ही खरी लिहिण्याची वेळ. आधी सगळी बोलणी जशीच्या तशी कागदावर उतरवतात. इथे भाषा दुरुस्त करायची नाही. ‘लई’चं ‘खूप’ केलं की बोलणारी बाईच बदलते. महोत्सवासाठी इंग्रजी सबटायटल लागतात, आणि ते करताना ‘उचल’चं नुसतं कर्ज किंवा ‘कोयता’चं नुसतं मजूर होऊ नये म्हणून एखादा शब्द तसाच ठेवून त्याचा अर्थ आधीच्या प्रसंगातून कळू द्यावा लागतो. संगीताचं मी एकच सांगेन. करुण बासरी लावायची इच्छा झाली तर त्या प्रसंगात काहीतरी कमी आहे असं समजावं. फडात कोयत्याचा, पाल्याचा, लांबून येणाऱ्या ट्रॅक्टरच्या गाण्यांचा आवाज असतो. तो पुरेसा आहे.

सगळं नीट करूनही चूक होऊ शकते. बुंदेलखंडातल्या ‘खबर लहरिया’च्या दलित महिला पत्रकारांवर ‘रायटिंग विथ फायर’ हा माहितीपट झाला आणि ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचला. पण २०२२ च्या मार्चमध्ये, सोहळ्याच्या तोंडावर, त्या संस्थेनेच जाहीर केलं की आमचं काम यात अपुरं आणि एकांगी दिसलं आहे. कौतुक होत असताना असं बोलायला धैर्य लागतं. माझ्या मते या घटनेने माहितीपटाच्या कलेवर उपकारच केले. ज्याच्यावर चित्रपट झाला त्याचं मतही चित्रपटाइतकंच मोलाचं, हे त्यातून ठसलं.

म्हणूनच आता त्या-त्या समाजातली माणसं स्वतः कॅमेरा हातात घेऊ लागली आहेत, हा बदल मला फार मोठा वाटतो. जेऊरच्या नागराज मंजुळे यांनी ‘पिस्तुल्या’ या लघुपटापासून कथापटांची वाट धरली. सांगली जिल्ह्यातल्या एका खेड्यातून आलेले सोमनाथ वाघमारे माहितीपटाकडे वळले. भीमा कोरेगाववरचा त्यांचा माहितीपट २०१७ चा, त्यानंतर ‘चैत्यभूमी’. त्यांच्या चित्रणात गर्दीतली माणसं दीनवाणी दिसत नाहीत. ती इतिहास साजरा करायला आलेली असतात. बाहेरचा माणूस जिथे दुःख शोधतो, तिथे आतल्या माणसाला अभिमानही दिसतो. आष्टीच्या शाळेतल्या मुलीने, आईबाप फडावर असताना आजीजवळ राहून, मोबाइलवर आपलं घर चित्रित केलं तर त्यात काय येईल, याची मला उत्सुकता आहे.

पैसा आणि परवानगी यांचं थोडक्यात. अनुदानं मिळतात, पण अर्ज बहुधा इंग्रजीत असतात आणि निकाल लागेपर्यंत एक हंगाम निघून जातो. थिएटरात जाहीर दाखवायचं तर १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली माहितीपटालाही प्रमाणपत्र लागतं. पटवर्धनांना दूरदर्शनवर आपले माहितीपट दाखवण्यासाठी न्यायालयाची पायरी अनेकदा चढावी लागली.

राहिलं दाखवण्याचं. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. ते पाहून शाहीर विलास घोगरे यांनी काही दिवसांत जीव दिला. ‘हमारा शहर’मध्ये गायलेले हेच घोगरे. त्यानंतर पटवर्धन चौदा वर्षं चित्रण करत राहिले आणि ‘जयभीम कॉम्रेड’ तयार झाला. जानेवारी २०१२ मध्ये त्याचा पहिला जाहीर खेळ भायखळ्याच्या बीआयटी चाळीत झाला. तीन तासांचा माहितीपट लोकांनी आपल्या चाळीत बसून पाहिला.

आष्टीत हेच करायचं तर दिवस मोजके आहेत. कारखान्याचा पट्टा पडला, म्हणजे हंगाम संपला, की टोळ्या परततात, आणि तिथून दिवाळीपर्यंत माणसं घरी असतात. तेव्हा पांढरं कापड, एक प्रोजेक्टर आणि देवळासमोरचं पटांगण एवढं पुरतं. महोत्सवाच्या तारखा हिवाळ्यात येतात आणि त्या वेळी ज्यांच्यावर चित्रपट केला ती माणसं फडात असतात. म्हणून या विषयावर काम करणाऱ्या प्रत्येकाला एवढंच सांगणं आहे की पहिला खेळ पावसाळ्यात लावा, त्या गावातच लावा, आणि तो संपल्यावर दिवा लागताच पहिल्यांदा बोलायला माइक त्या बायांच्या हातात द्या.